अलिबागची माय

"बाबा, नीट आयका. अलिबागवरून माय येऊन राहिली."

डोमाजी खंडारे यांच्या हातातला चहाचा कप तोंडापासून दोन बोटांवर थांबला. फोनवर त्यांचा मुलगा धम्मदीप होता. तो अकोल्याला नोकरीला होता आणि सोमवार ते शनिवार तिथेच खोली करून राहायचा.

"कोण येऊन राहिली?"

"माय, माय! अलिबागची. परवा शुक्रवारी, सकायच्या गाडीनं. माहा दोस्त केदार सोबत हाय, एस-फोरच्या डब्यात. बडनेऱ्याले उतरवून घेजा. अन् दोघं जण जा बरं, एकट्याच्यानं होत नाही. वजन हाय चांगलं."

"वजनाचं काहून काढतं बे? नात्यातली बाई हाय."

"आं? आवाज तुटून राहिला तुमचा. आयका, नाजूक हाय ते. आपटू नका. ऊन लागू देऊ नका. ओल तं बिलकूल लागू देऊ नका. अन् घरी आणली का हवेशीर जागी…"

इथे फोन कटला. दोन मिनिटांनी मेसेज आला, 'प्रियाले सांगू नका. सरप्राइज हाय.'

दुसरा कोणी असता तर त्यानं उलट फोन लावून नीट विचारलं असतं. पण डोमाजी रेल्वेच्या पार्सल ऑफिसातून निवृत्त झालेले होते. चौतीस वर्षं त्यांनी एकच धर्म पाळला होता. चिठ्ठीवर काय लिहिलंय ते वाचायचं, माल उतरवायचा, ठिकाणावर पोचवायचा. मालाला प्रश्न विचारायचे नाहीत. चौतीस वर्षांत त्यांच्या हातून एक पेटी इकडची तिकडे गेली नव्हती, आणि हे ते बडनेऱ्यातल्या प्रत्येक माणसाला, त्यानं विचारलं नसलं तरी, सांगत असत.

अलिबागची माय म्हणजे कोण, हे घरात सांगायची गरज नव्हती. सून प्रियदर्शनी अलिबागची. तिची आई ज्योत्स्नाबाई, निवृत्त मुख्याध्यापिका. लग्नाला दोन वर्षं झाली तरी या बाईंनी बडनेऱ्यात पाऊल टाकलं नव्हतं. त्याला कारण एक कांदा होता.

लग्न अलिबागला झालं. मंडपाच्या दारात तोरणासारख्या पांढऱ्या कांद्याच्या माळा टांगल्या होत्या, ज्योत्स्नाबाईंच्या घरच्या शेतातल्या. पंगतीत प्रत्येकाच्या पानात त्यातलाच एकेक कांदा चिरून वाढलेला. डोमाजींनी एक फोड तोंडात टाकली, चावली, वाट पाहिली. काहीच झालं नाही. मग ते सगळ्या पंगतीला ऐकू जाईल असं म्हणाले, "हा कांदा हाय का साखरपानी? कांदा खाल्ला अन् डोयात पानी नाही, म्हंजे मानूस मेला अन् घरात कोनी रडलंच नाही!"

ज्योत्स्नाबाई मागेच उभ्या होत्या. त्या एवढंच म्हणाल्या, "आमच्याकडे पाहुण्यांना रडवायची पद्धत नाही. तुमच्याकडे असेल तर तुमच्या घरी येण्यात अर्थ नाही." आणि त्या आल्या नाहीत. मुख्याध्यापिकेचं वाक्य होतं. ते फळ्यावर लिहिलेलं असतं, पुसायला दुसरं कोणी जात नाही.

आता प्रियदर्शनीला सातवा महिना लागला होता. तिला डोहाळे लागले ते अलिबागच्या कांद्याचे. ती तोंडानं काही म्हणायची नाही. आईशी फोनवर बोलताना मात्र "नको गं येऊस एवढ्या लांब, इथं सगळं छान आहे" असं म्हणायची, ज्या आवाजात माणूस दाताच्या डॉक्टरला 'दुखत नाही' म्हणतो त्या आवाजात. डोमाजी तेव्हा पेपर वाचत असायचे. पेपर बहुतेक वेळा उलटा असायचा.

चूक कबूल करण्यापेक्षा कांदा शोधणं सोपं, असं ठरवून त्यांनी महिनाभर बाजार पालथा घातला होता. आधी नाशिकचा लाल आणला. सुनेनं एक फोड खाल्ली, डोळे पुसले आणि भाकरी बाजूला ठेवली. मग कोणीतरी सांगितलं म्हणून लोणंदचा. मग बाळापूरच्या साडूकडून अकोल्याकडचा पांढरा कांदा पोतंभर मागवला आणि 'हा घे तुह्या अलिबागचा' म्हणून चक्क खोटं बोलून ताटात ठेवला. प्रियदर्शनीनं तो चावला आणि हळूच म्हणाली, "बाबा, हा सुरुवातीला गोड आहे. पण शेवटी वऱ्हाडी आहे."

डोमाजींना ते मनातून पटलं होतं. या विषयावर त्यांचा अभ्यासच झाला होता. "लाल कांदा आधी मारते, मंग बोलते," ते शेजारच्या गजेंद्रला समजावत. "आपला पांढरा आधी गोड बोलते, मंग मारते. अन् अलिबागचा नुसता गोडच बोलते. अशावर भरोसा ठेवावा तरी कसा?"

आणि आता ती गोड कांद्याची मालकीण स्वतः येत होती.

"खरंच येते म्हन्ते?" मनकर्णाबाईंनी विचारलं. त्या चाळीस वर्षांपासून डोमाजींच्या बातम्या चाळणीतून गाळून घेत होत्या.

"धम्यानं सोताच्या तोंडानं सांगतलं. नाजूक हाय म्हन्ते. दोघं जन लागतीन उतरवाले."

"अगं माय! मंग तब्येत बिघडली असंन. मनून तं येऊन राहिली बिचारी, पोरीले पाहाले." मनकर्णाबाईंनी पदर डोळ्याला लावला. "आयका, आली का पह्यले माफी मागा. 'चुकलं' म्हना. तीनच अक्षरं हायत."

"तीन हायत मनूनच तं अडून राहिली. एक असती तं खोकल्यात काढून टाकली असती."

पण डोमाजींनी निश्चय केला. विहीण आजारी असताना दोन वर्षांचा राग गिळून येते, तर तिच्या स्वागतात तसूभर कमी पडू द्यायचं नाही. चिठ्ठीवरच्या सगळ्या सूचना अक्षरशः पाळायच्या.

बुधवारीच रात्रीच्या जेवणाआधी त्यांनी आपली खाट हॉलमध्ये काढली आणि खिडकीची खोली रिकामी केली. 'हवेशीर जागी' म्हणजे कूलर आला. मार्चचे शेवटचे दिवस होते, पण डोमाजी एप्रिल लागल्याशिवाय कूलरचं नाव काढू देत नसत. त्यांनी गजेंद्रचा कूलर उचलून आणला, खिडकीला बसवला, बटण दाबलं. मग दुसरी सूचना आठवली, 'ओल बिलकूल लागू देऊ नका.' त्यांनी कूलरमधलं सगळं पाणी काढून टाकलं.

गुरुवारी सकाळी प्रियदर्शनी त्या खोलीत डोकावली. "बाबा, कूलरमध्ये पाणी नाहीये."

"नसतेच."

"मग तो गरम हवा फेकतोय."

"फेकू दे. हवेशीर हाय का नाही?"

"हवेशीर आहे," प्रियदर्शनी म्हणाली. मग जरा थांबून म्हणाली, "बाबा, तुमची तब्येत बरी आहे ना?"

"मले काय धाड भरली? तू आराम कर."

नाजूक माणसाला डब्यापासून रिक्षापर्यंत चालवायचं कसं, हा पुढचा प्रश्न होता. डोमाजी स्टेशनवर गेले. जुन्या ओळखीवर शुक्रवारी सकाळसाठी चाकांची खुर्ची सांगून ठेवली. येताना शेवंतीचा हार सांगितला आणि मोठी काळी छत्री घेतली. दुसरा माणूस म्हणून गजेंद्रला तयार केलं. त्याची ऑटोरिक्षाही होती, म्हणजे एकाच माणसात दोन कामं झाली.

राहिला तो एक निरोप. येणाऱ्या पाहुण्याला आपण तयार आहोत हे कळवणं पार्सल ऑफिसच्या रीतीत बसत होतं. फोनवर तीन अक्षरं विचारली गेली असती, म्हणून डोमाजींनी व्हॉट्सअॅपवर लिहायचं ठरवलं. सरकारी मराठी त्यांना उत्तम येत होती. अर्धा तास बसून त्यांनी लिहिलं:

'जय भीम. आपण येत असल्याचे समजले. आनंद झाला. आपण नाजूक असल्याचेही समजले. वजनाची चिंता करू नये. उतरवून घेण्यास दोन माणसे व चाकांची व्यवस्था केली आहे. ऊन व ओल यांपासून आपले संरक्षण केले जाईल. कांद्याविषयी समक्ष बोलू.'

मनकर्णाबाईंना वाचून दाखवलं. त्यांना त्यातलं निम्मं कळलं नाही, त्यामुळे चांगलं वाटलं. मेसेज गेला. दोन निळ्या खुणा उमटल्या. उत्तर आलं नाही.

"काई नाही बोलली?"

"सामान बांधत असंन," डोमाजी म्हणाले.

शुक्रवारी पहाटेच ते प्लॅटफॉर्मवर हजर झाले. इस्त्रीचा शर्ट, एका हातात हार, दुसऱ्या हातात छत्री, पुढे चाकांची खुर्ची आणि खुर्चीमागे जांभया देणारा गजेंद्र. सूर्य उगवायचा होता, तरी छत्री उघडी होती. सूचना ती सूचना. डोमाजी ओठातल्या ओठात घोकत होते, "इहीनबाई, तवा जे माह्या तोंडातून गेलं, ते… इहीनबाई, तवा जे…" पुढचे तीन डबे काही जोडले जात नव्हते.

गाडी चाळीस मिनिटं उशिरा आली. एस-फोर बरोबर समोर थांबला. दारात केदार उभा होता, अमरावतीच्या वकिलांचा मुलगा, धम्मदीपचा कॉलेजातला मित्र. त्याच्या कवेत चादरीत गुंडाळलेलं पुरुषभर उंचीचं काहीतरी होतं.

"काका, लवकर! गाडी पुढं अमरावतीला जाते, मला इथं उतरायचं नाही. तुम्ही खालून धरा, मी वरून सोडतो. सावकाश हं!"

"ते सामान राहू दे बावा, आधी मानूस उतरव. माय कुठी हाय?"

"ही काय. माळ."

"माय! माय कुठी हाय, मी म्हन्तो!"

"अहो हीच की माळ, काका!"

चादर सरकली. आतून एकाखाली एक, वाळलेल्या पातीची वेणी घालून घट्ट विणलेले, चांदीच्या वाट्यांसारखे चकाकणारे दीड-दोनशे पांढरे कांदे बाहेर आले.

"धम्मदीपनं मागवली, वहिनींना डोहाळे लागलेत म्हणून. वीस किलो भरली!" केदार ओरडला. शिट्टी झाली, गाडी हलली, आणि केदार हात हलवत अमरावतीकडे निघून गेला.

वऱ्हाडात 'ळ' हे अक्षर पाटीवर असतं, तोंडात नसतं. काळा काया होतो, केळी केयी होते, डोळा डोया होतो, आणि कांद्याची माळ ही माय होते. हे डोमाजींना ठाऊक नव्हतं असं नाही. ते स्वतः जन्मभर तसंच बोलत आले होते. फक्त आपण जसं बोलतो तसंच दुसरा आपल्याशी बोलला, तर काय होईल याचा त्यांनी कधी विचार केला नव्हता.

गजेंद्रनं कांद्यांकडे पाहिलं, खुर्चीकडे पाहिलं. "काका, आता खुर्चीचं काय?"

डोमाजींनी खुर्ची माळेकडे वळवली. माल चुकला होता, पण माल आला होता. "आनली हाय तं बसव."

"अन् हार?"

"घाल."

सूर्य वर आला होता. डोमाजींनी छत्री माळेवर धरली. शेवंतीचा हार घालून, चाकांच्या खुर्चीत, काळ्या छत्रीखाली अलिबागचा कांदा ऐटीत बसला होता. एक हमाल दोनदा वळून पाहून गेला. गजेंद्र रिक्षा दाराशी लावायला निघून गेला, आणि प्लॅटफॉर्मच्या त्या भागात डोमाजी आणि माळ असे दोघेच उरले.

मग डोमाजींनी माळेतला एक कांदा तोडला, बाकावर ठेवला आणि बुक्की मारून फोडला. एक पाकळी तोंडात टाकली. रसरशीत होती, मऊ होती, आणि गोड. अगदी शेवटपर्यंत गोड. त्यांनी मारायची वाट पाहिली. दोन वर्षांपूर्वी पाहिली होती तशीच. पण कांद्यानं मारलं नाही. डोमाजींच्या मनात आलं, न मारणाऱ्यावर भरोसा ठेवायचा नाही, हे आपल्याला शिकवलं तरी कोणी? घरी एक पोर सातव्या महिन्यात भिंतीकडे तोंड करून आईला 'येऊ नकोस' म्हणते, ती आपल्या एका वाक्यापायी. आणि ज्यांच्यासाठी दोन दिवस पाठ केलं, त्या बाई आलेल्याच नाहीत, येणारच नव्हत्या.

पण पाठ तर झालं होतं. तयार माल ऑफिसात पडून राहिलेला डोमाजींना कधी खपला नव्हता. त्यांनी घसा खाकरला, माळेसमोर ताठ उभे राहिले आणि म्हणाले, "इहीनबाई, तवा जे माह्या तोंडातून गेलं, ते चुकलं. कांदा गोड हाय तुमचा. मानसं बी."

आणि त्यांच्या डोळ्यांना पाणी आलं.

"अलिबागचा कांदा रडवत नाही, व्याही," मागून आवाज आला. "मग हे काय?"

डोमाजी गर्रकन वळले. हातात एक पिशवी, खांद्याला पर्स, काटकुळी अंगकाठी आणि रात्रभर बसून आलेले लाल डोळे. ज्योत्स्नाबाई! शेवटच्या डब्यातून उतरून अख्खा प्लॅटफॉर्म तुडवत त्या आल्या होत्या.

"धूर गेला डोयात," डोमाजी म्हणाले.

"गाडी विजेवर चालते."

ज्योत्स्नाबाईंनी पर्समधून मोबाइल काढला, चष्मा लावला आणि वर्गात निबंध वाचावा तसं वाचलं, "'आपण नाजूक असल्याचेही समजले. वजनाची चिंता करू नये. उतरवून घेण्यास दोन माणसे.' व्याही, माझं वजन त्रेचाळीस किलो आहे. मी कुठंही येणार नव्हते. हा मेसेज वाचला आणि तशीच एसटीत बसले, मुंबई गाठली, रिझर्व्हेशन नाही, काही नाही. रात्रभर बसून आले ते फक्त याचा जाब विचारायला. आणि हे शेवटचं, 'कांद्याविषयी समक्ष बोलू.' बोला. मी समक्ष आहे."

"झालं ना बोलून," डोमाजी पुटपुटले. "आताच."

"ते कांद्याला झालं. मला कुठं झालं?"

डोमाजींनी इकडेतिकडे पाहिलं. गजेंद्र दिसत नव्हता. हमाल मात्र तिसऱ्यांदा आला होता आणि आता थांबलाच होता.

"चुकलं," डोमाजी म्हणाले. दुसऱ्या खेपेला ते बरंच हलकं गेलं.

ज्योत्स्नाबाईंनी मान हलवली, पैकीच्या पैकी देताना हलवतात तशी. मग त्यांची नजर खुर्चीवर गेली. "ही खुर्ची कोणासाठी आणली?"

"तुमच्यासाठी."

"आणि हार?"

"तो बी तुमच्यासाठीच."

"मग बसलंय कोण?"

"मोठी गोष्ट हाय, इहीनबाई," डोमाजी म्हणाले. "रस्त्यानं सांगतो."

रस्ता दहा मिनिटांचा होता. रिक्षात मध्ये माळ आणि दोन बाजूंना दोन व्याही बसले. गोष्ट सांगून झाली तेव्हा ज्योत्स्नाबाई इतक्या हसत होत्या की गजेंद्रनं दोनदा रिक्षा हळू केली. 'हवेशीर जागी' म्हणून पाणी काढलेल्या कूलरचं ऐकल्यावर तर त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. डोमाजींनी ते पाहिलं. एकूण हिशेब बरोबरीत सुटला होता.

इकडे घरात तोवर आणखी एक गोष्ट घडून गेली होती. धम्मदीपला गुपित दोन दिवसांच्या वर पोटात ठेवता येत नसे. सकाळीच त्यानं बायकोला फोन करून सांगून टाकलं होतं, की बाबा स्टेशनवर गेले आहेत, अलिबागची माय घेऊन येतील. प्रियदर्शनी क्षणभरही गोंधळली नव्हती. लग्नानंतरचे सहा महिने तिनं वहीत शब्द लिहून काढले होते. सासूबाई 'वायू घाल' म्हणाल्या की पापड उन्हात टाकायचे, हवा घालायची नाही, हे ती तेव्हाच शिकली होती. या घरात कोणी 'य' म्हटलं की ती मनात आधी 'ळ' लावून पाही.

डोमाजींनी रिक्षातून उतरून, छाती पुढे काढून, फाटकातूनच आरोळी ठोकली, "सूनबाई! अलिबागची माय आली वो!"

ज्योत्स्नाबाईंनी पदर सारखा केला. दोन वर्षांनी लेकीला पाहायचं होतं.

आतून, स्वयंपाकघरातून, प्रियदर्शनीचा खणखणीत आवाज आला, "हो बाबा, कळलं मला! तिला घरात आणू नका, बाहेर गॅलरीतच टांगून ठेवा! आणि अंगावरचं कापड काढा आधी, नाहीतर कुजेल ती!"

बुधवारी संध्याकाळी फोनवर अर्धं राहिलेलं वाक्य डोमाजींना आत्ता पूर्ण ऐकू आलं.

ज्योत्स्नाबाईंनी पिशवी खाली ठेवली आणि व्याह्यांकडे पाहिलं. डोमाजींनी गॅलरीच्या छतातल्या जाड लोखंडी खिळ्याकडे पाहिलं, पार्सल तोलणाऱ्याच्या नजरेनं.

"खिया मजबूत हाय, इहीनबाई," ते म्हणाले. "वजनाची चिंता करू नका."